एका बाजूचं गलबत

भुतं बनवणं हा माझा धंदा आहे. मलमलीचा तुकडा, एक तिरपी काच आणि मागून सोडलेला उजेड — एवढ्यावर मी आजवर डझनभर तरी भुतं पडद्यावर हिंडवली असतील. थिएटरात लोक किंचाळतात तेव्हा मी मागच्या बाकावर बसून तार दिसली नाही ना, एवढंच बघत असतो. त्यामुळे या सदरातले अनुभव वाचताना माझ्या मनात पहिला प्रश्न येतो तो हाच... तार कुठे होती? या खवचटपणाबद्दल आधीच्या लेखकांनी मला माफ करावं. आज मी त्यांच्याच पंगतीला येऊन बसतोय, आणि माझ्या गोष्टीतली तार इतकी वर्षं शोधूनही मला सापडलेली नाही.

माझा जन्म रत्नागिरीचा, मांडवीचा. वडील बंदरात गलबतांवर नावं रंगवायचे आणि मी रंगाचा डबा धरायचो. पुढे गावात एक नाटक कंपनी आली. तिच्या राजवाड्याचा पडदा उंदरांनी कुरतडला होता. तो दुरुस्त करायला म्हणून गेलो आणि कंपनीबरोबरच निघून गेलो. नाटकातून सिनेमात आलो, खांब रंगवायचे सोडून खांब उभे करायला लागलो. 'आर्ट डायरेक्टर' वगैरे नावं अलीकडची. तेव्हा सिनेमा मुका होता, आणि "पेंटर, तुमची भिंत हलतेय!" अशी हाक आली की ती मला असायची.

या धंद्याचा एकच नियम मला शिकवला गेला. कॅमेऱ्याला दिसतं तेवढंच बांधायचं. महालाला तीन भिंती पुरतात, देवळाला पुढचा दरवाजा पुरतो, झाडाला मागची बाजू लागत नाही. मी हा नियम इतका चोख पाळायचो की कंपनीतले लोक थट्टेने म्हणत, दत्ताराम जेवायला बसला तर अर्धंच ताट मांडून घेईल.

बोलपट यायला अजून दोन-तीन वर्षं होती, तेव्हाची ही हकिकत. आमचे मालक स्वतःच डायरेक्टर. त्यांनी जुन्या आरमारावरचं चित्र काढायला घेतलं. माझ्या वरचे थोरले पेंटर आजारी पडून घरी गेले होते आणि पहिल्यांदाच सगळं काम एकट्या माझ्या अंगावर आलं. मीच छाती पुढे काढून म्हटलं, समुद्र हवा तर आमच्या रत्नागिरीला चला. मालक म्हणाले, "आठ दिवस. नवव्या दिवशी सकाळी किनाऱ्यावर गलबत उभं नसेल, तर मी मुंबईहून दुसरा माणूस आणतो." मी हो म्हटलं. मागे फिरायचा माझा स्वभाव नाही, हे मी फुशारकीने सांगत नाही... पुढे वाचाल तेव्हा कळेलच.

दिवाळी नुकतीच सरली होती. घरी माझा धाकटा भाऊ सदू नव्हता, त्याची बायको लक्ष्मी एकटीच होती. सदू खलाशी. मंगळुराहून कौलं आणणाऱ्या फत्तेमारीवर, म्हणजे शिडाच्या मालवाहू जहाजावर, तो महिन्यापूर्वीच गेला होता आणि त्रिपुरी पौर्णिमेपर्यंत परत यायचा होता. आम्ही सिनेमावाले येणार, गलबत बांधणार, यातलं त्याला काहीच ठाऊक नव्हतं. हे लक्षात ठेवा, कारण मी स्वतः या मुद्द्यापाशी शंभर वेळा अडलो आहे.

खाडी ओलांडून भाट्याच्या वाळूत मी जागा धरली. गलबताची नाळ, म्हणजे पुढचं टोक, उत्तरेकडे; त्यामुळे उजवी बाजू जमिनीकडे. सकाळचं ऊन थेट त्या बाजूवर येणार, कॅमेरा तिथेच, आणि मागे समुद्र. डावी बाजू कुणालाच दिसणार नव्हती, म्हणून ती मी बांधणारच नव्हतो. तिकडे बांबूचे टेकू द्यायचे आणि आरपार उजेड दिसू नये म्हणून गोणपाट सोडायचं. उजव्या बाजूलाही सगळं लाकूड नव्हतंच. पातळ फळकुटांवर मांजरपाट ताणून, सरस-खडू फासून, त्यावर फळ्यांच्या रेघा आणि खिळ्यांची टोपणं रंगवायची होती. तोफांची भोकंसुद्धा काळ्या रंगाची. खरा होता तो फक्त तळचा कणा, नाळ आणि वर नटांना उभं राहायला घातलेला माळा.

कण्याचं काम मी रावजी मेस्त्रींना दिलं. वडिलांचे दोस्त, सगळा जन्म गलबतं बांधण्यात गेलेला. आधी ते हसले. "अर्धा बैल बांधून नांगर धरणार काय रे?" पण माझ्या वडिलांची आठवण काढली आणि आले.

पहिल्याच दिवशी घोळ झाला. मालकांना मुहूर्ताचा नारळ फोडायचा होता. स्टुडिओत आम्ही तो पायरीवर नाहीतर दगडावर फोडतो. इथे खाली सगळी वाळू! दोनदा आपटला, नारळ नुसता रुतला. मालकांनी इकडेतिकडे पाहिलं, जवळच मेस्त्रींनी तासून ठेवलेला कणा पडला होता, त्यावर त्यांनी तो खाडकन फोडला. पाणी लाकडावर सांडलं, कुणीतरी कुंकू लावलं, सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या. मेस्त्रींच्या हातातला लाकूड तासायचा वाकस मात्र तिथल्या तिथे थांबला.

"दत्ता, हे काय केलंन तुझ्या मालकानं?"

"मुहूर्त केला, काका."

"कण्यावर नारळ फोडलान! आता हे तुझं सोंग राह्यलं नाय. गलबत झालं."

आमच्या दर्यावर्दी लोकांत ही रीत आहे. कण्याची पूजा झाली, नारळ फुटला, की ते लाकूड उरत नाही. ते पुरं बांधायचं आणि पाण्यात घालायचं. मधेच सोडायचं नाही. मला हे ठाऊक होतं, लहानपणापासून पाहिलेलं होतं, आणि तरी मालक नारळ उचलत असताना ते माझ्या डोक्यातही आलं नाही.

"अहो तो सिनेमाचा नारळ, काका. गलबताचा नव्हे."

"नारळाला काय कळतंय सिनेमाचा की गलबताचा?" मेस्त्री म्हणाले. "चार दिवस दे मला. दुसरी बाजू घालतो. मी नि माझे दोन गडी जादा राबू, तुझ्या मालकाला काय बोलू नको."

चार दिवस माझ्याकडे नव्हते. खरं सांगायचं तर दिवसांपेक्षा मला हट्ट जास्त होता. जे कॅमेऱ्याला दिसणार नाही ते मी बांधणार नाही — माझी अक्कल तिथेच संपत होती. मी नाही म्हटलं. मेस्त्री म्हणाले, "मग निदान पाण्याला दावू नको ते. अर्धं गलबत पाण्याला दावत नाय कुणी." आणि मान खाली घालून पुन्हा कामाला लागले.

सहा दिवस आम्ही घाण्याला जुंपल्यासारखे राबलो. सातव्या दिवशी सकाळपासून वारा फिरला. दुपारपर्यंत समुद्र करडा झाला आणि मच्छीमार होड्या एकामागून एक खाडीत शिरू लागल्या. बाहेर तुफान होतं. मी गड्यांना घेऊन गलबताला दोर बांधले, टेकूंच्या बुडाशी वाळूची पोती रचली, स्वतः माळ्यावर पालथा पडून मांजरपाट धरून ठेवलं. मालक म्हणाले, "सोड, पडू दे, माणूस मरेल!" मी म्हटलं, "पडणार नाही." आठव्या दिवशी संध्याकाळी वारा पडला तेव्हा गलबत जसंच्या तसं उभं होतं. इतका आनंद मला आयुष्यात थोडक्याच वेळा झाला असेल.

तेवढ्यात खाडीच्या तरीच्या होडीतून उतरून लक्ष्मी वाळूतून येताना दिसली. आमच्याकडे धाकट्या भावाची बायको थोरल्या दिराशी फारसं बोलत नाही, डोईवरचा पदर पुढे ओढून बाजूला होते. ती सरळ माझ्यासमोर येऊन उभी राहिली.

"भावोजी, विजयदुर्गाकडनं एक मचवा आलाय. आदल्या दिवशी त्यांनी ह्यांची फत्तेमारी बघितलेली. मग तुफानात दिसली नाय."

मी म्हटलं, "कुठल्यातरी खाडीत शिरले असतील."

"बंदरात सगळी बोलतायत. नारळ फुटलेलं गलबत इथं कोरडं उभं हाय, म्हणून तिकडं दुसरं अडलंय. ह्याला पाणी दाखवा."

"लक्ष्मी, हे पडद्याचं गलबत आहे गं. मांजरपाट आहे नुसतं."

"गलबत खोटं. नारळ पण खोटा होता?"

ते उचलून पाण्यात नेणं शक्य नव्हतं, दोन पावलांत मोडलं असतं. ती म्हणाली, मग समुद्र इथं आणू. घागरीने आणू, कण्यावर ओतू. रावजी मेस्त्री जवळच होते. ते घाईने म्हणाले, "थांबा गो बाय. दत्ता, अजून ऐक. दोन दिवस दे, मी बाजू घालतो, मग काय ते पाणी ओता. अर्धं हाय ते. अर्धंच काम करील."

दुसऱ्या दिवशी सकाळी शॉट होता. मी नकारार्थी मान हलवली.

लक्ष्मी म्हणाली, "अर्धं तर अर्धं, काका. माझा माणूस बाहेर हाय."

नवव्या दिवशी उजाडता उजाडता ती मांडवीच्या पाच-सहा बायका घेऊन आली. ओळीने समुद्रात उतरल्या, घागरी भरून आणल्या आणि कण्यावर ओतल्या. मेस्त्री हात जोडून पुटपुटत होते. मालकांनी ऊन चढतंय म्हणून घड्याळ काढलं आणि मी त्यांना म्हटलं, "दहा मिनिटं. त्याशिवाय शॉट नाही." मालकांना असं बोलायची माझी ती पहिलीच वेळ. मला त्यावर विश्वास होता म्हणून नव्हे. ती बाई ज्या निश्चयाने पाणी वाहत होती, तिच्यासमोर मला माझा हट्ट पोरकट वाटला.

साधारण आठ ते अकरा शॉट चालला. नट दोराच्या शिडीवरून वर चढले, उतरले, पुन्हा चढले. तीन तास ते गलबत आमच्या सगळ्यांच्या डोळ्यांसमोर वाळूत उभं होतं. चित्राची निगेटिव्ह मी नंतर पाहिली आहे. इंचभरही हललेलं नाही.

दुपारी मोडतोड सुरू झाली. मी समुद्राच्या अंगाला गेलो तर तिकडचं गोणपाट दोन ठिकाणी वरून खाली टरकलेलं. सकाळी मी ते स्वतः पाहिलं होतं, चांगलं होतं. वारा तर आदल्या संध्याकाळीच पडलेला. गड्यांवर खेकसलो, कुणी कबूल होईना. तुकडे गुंडाळून सामानात टाकले आणि विसरलो.

तिसऱ्या दिवशी सदू घरी आला. पूर्णगडाकडून चालत. ओठ फुटलेले, तळहातांची सालं निघालेली. लक्ष्मीने त्याला ओटीवर बसवलं, पेज दिली, आणि त्याने सांगायला सुरुवात केली तेव्हा मी खांबाला टेकून उभा होतो.

तुफानात कौलांचं वजन एका अंगाला सरकलं आणि फत्तेमारी कलंडली. ते पाच जण होते. सदू आणि दोघे डोलकाठी धरून राहिले. गोविंद तांडेल, म्हणजे त्यांचा म्होरक्या, आणि मालगुंडचा एक खलाशी एका फळीवर, थोडे लांब. रात्र तशीच गेली.

"ऊन कासराभर वर आलं होतं, दादा. तेव्हा एक गलबत आलं. शीड नाय, वल्हं नाय, वर माणूस नाय. दोराची शिडी सोडलेली होती, ती धरून आमी तिघं चढलो." त्याने पेजेचा एक घोट घेतला. "पण कसलं गलबत ते... मी बाजूला हात लावला तर फळ्यांना सांधेच नव्हते. नुसत्या रेघा काढलेल्या. तोफांची भोकं होती, त्यात हात घातला तर आत जाईना. काळा रंग!"

लक्ष्मीने माझ्याकडे पाहिलं. मी खांब सोडला नाही.

"शिडीच्या बाजूला खिळ्यांच्या ओळी होत्या, त्या पण रंगाच्या. खालनं तिसऱ्या फळीला खिळेच नव्हते."

मी खाली बसलो. तुफानाच्या गडबडीत खालून तिसऱ्या फळीवर खिळे रंगवायचे राहून गेले होते. शॉट सुरू झाल्यावर ते माझ्या लक्षात आलं, आणि मालकांना कळू नये म्हणून मी ते कुणालाही सांगितलं नव्हतं. अगदी मेस्त्रींनाही नाही.

"आणि तांडेल?" लक्ष्मीने विचारलं.

सदूने पेजेचा वाडगा खाली ठेवला. "ते दोघं पलीकडच्या अंगाला आले. डाव्या. मी धावलो हात द्यायला, पण तिकडं बाजूच नव्हती, दादा. बांबू नि गोणपाट. पाणी आत येत नव्हतं, पण धरायला पण काय नव्हतं. माझा हात खालपर्यंत पोचला नाय. त्यांनी गोणपाट धरलं... ते फाटलं. परत धरलं, परत फाटलं."

मग गलबत त्यांना पूर्णगडाच्या वाळूच्या दांड्यापर्यंत घेऊन गेलं. छातीएवढ्या पाण्यात तिघं उतरले. वळून पाहिलं तर समुद्र मोकळा होता.

"कोण असेल रे तो कारागीर?" सदू म्हणाला. "एवढं बांधलान, नि दुसरी बाजू का नाय घातलान?"

मी त्याला तरीतून भाट्याला नेलं. मोडलेलं सामान अजून तिथेच रचून ठेवलं होतं. त्याने आपणहून मांजरपाटाचा एक तुकडा उलगडला, रेघांवरून बोट फिरवत तिसऱ्या फळीपाशी आला आणि थांबला. मग माझ्याकडे न बघता म्हणाला, "तांडेलाच्या बायकोला सांगू नको."

मी सांगितलं. लक्ष्मीही नको म्हणत होती, पण मला राहवेना. मिऱ्याला तांडेलाचं घर. मृतदेह मिळाला नव्हता, त्यामुळे दहन नाही, काही नाही, बाई नुसतीच बसून होत्या. मी पहिल्यापासून शेवटपर्यंत सगळं सांगितलं. नारळ, मेस्त्रींनी मागितलेले चार दिवस, नंतर मागितलेले दोन, माझा नकार. त्या शिव्या देतील म्हणून मी तयार होतो. द्याव्यात अशी इच्छाही होती.

त्यांनी विचारलं, "गोणपाटाला त्यांचा हात लागला व्हता?"

"हो."

"ते हाय का अजून?"

"आहे."

"तेवढं आणून दे मला."

दुसऱ्या दिवशी मी ते दोन्ही तुकडे नेऊन दिले. त्यांनी त्यातला एक मालगुंडच्या त्या खलाशाच्या घरी पाठवला. दुसरा उराशी धरला आणि पहिल्यांदा रडल्या. मी अंगणात उभा राहून रडलो. परत निघताना त्या एवढंच म्हणाल्या, "पुढचं बांधशील ते पुरं बांध."

त्यानंतर मी बरीच चित्रं केली. बोलपट आले, स्टुडिओ मोठे झाले, माझं नाव पाट्यांवर यायला लागलं. मी महालाला चौथी भिंत घालतो. होडी असेल तर दोन्ही कुशी घालतो, खऱ्या फळ्या, खरे खिळे. निर्माते डोक्याला हात लावतात, कॅमेरामन त्या भिंतीला शिव्या घालत ती काढायला लावतो, तेव्हा मी ती काढता येईल अशी बांधतो, पण बांधतो. दोन कंपन्यांनी या खुळापायी मला घरचा रस्ता दाखवला. हरकत नाही.

शहाण्या मित्रांनी मला अनेक उलगडे दिले आहेत. तहानेने भास होतो, हे एक. तिघांना एकच भास झाला, बरं. सदूला वाटेत कुणीतरी माझ्या सेटबद्दल सांगितलं असेल, हे दुसरं. मग तिसरी फळी? त्यावर कुणी बोलत नाही. मी स्वतः गोणपाट वाऱ्याने फाटलं असेल असं मनाला हजारदा सांगून पाहिलं. वाळूत रुतलेलं, तीन तास कॅमेऱ्यासमोर उभं असलेलं मांजरपाटाचं गलबत पूर्णगडापर्यंत कसं गेलं, हे मला सांगता येत नाही. तीन माणसं कशी वाचली, याचा उलगडा माझ्याजवळ आजही नाही.

दोन का बुडाली, त्याचा आहे.